मथुरामायचं बिनउंबऱ्याचं घर

नदीला धरण ठाऊक नव्हतं, त्या काळातली ही गोष्ट. सावळवाडीत मथुरा नावाची सुईण होती. अख्खं गाव तिच्या हातावर जन्मलं, पण तिची स्वतःची कूस काही उजवली नाही. घर मोठं आणि त्यात ती एकटी. म्हणून गुरुजी शाळेसाठी जागा शोधत आले, तेव्हा तिने आपली चूल मागच्या पडवीत नेली आणि सगळं घर पोरांना देऊन टाकलं. सकाळी पाढ्यांचा गलका सुरू झाला, की तिला वाटे, आपलं घरच बाळंत झालं.

पण ओढ्यापलीकडच्या वस्तीतली लेकरं उंबऱ्याबाहेर, उन्हात बसून शिकायची. एके दुपारी त्यातली एक पोर भोवळ येऊन पडली. मायने तिला उचलून आत निजवलं. झालं! सुभानराव पाटलांनी तंबी दिली, "पुन्हा त्यांच्यातल्या कुणी उंबरा ओलांडला, तर शाळा उठवून देवळात नेईन."

शाळा गेली तर घर पुन्हा मुकं होणार. आणि त्या लेकरांना तर देवळाची पायरीसुद्धा बंद होती.

दुसऱ्या दिवशी गाव बघतं तर सगळी पोरं आत, मांडीला मांडी लावून बसलेली. पाटील तणतणत आले. माय दारात पहार टेकून उभी होती.

"उंबराच उपटलाय बाबा. वलांडला कुणी?"

"सुईणीनं मला शहाणपण शिकवू नये!"

"शिकवत न्हाई, सुभान्या. तू पायाळू. आधी तुझे पाय माझ्या हातात आले. त्या दिशी मी ओढ्यापल्याडची बाई मोकळी करून तशीच तुझ्या घरी आले व्हते. तुझा बाप उंबऱ्यात हात जोडून म्हणला, 'माय, आधी आत ये.'"

असं म्हणतात, की पाटील चपला काढून पोरांच्या मागे भिंतीला टेकून बसले आणि शाळा सुटेपर्यंत उठले नाहीत.

तो उंबरा जांभळाच्या लाकडाचा होता. मायने तो अंगणात रोवला आणि त्या वाळक्या लाकडाला पालवी फुटली, असं म्हणतात. खोटं वाटत असेल तर झाड बघून या. त्याची जांभळं खाल्ल्यावर कुणाची जीभ कुठल्या वस्तीतली, हे ब्रह्मदेवालाही सांगता यायचं नाही.

पुढे शाळा पक्क्या इमारतीत गेली. मायही गेली. घर मात्र अजून बिनउंबऱ्याचं उभं आहे. आणि सावळवाडीत आजही कुणी नवं घर बांधलं, की आधी ओढ्याच्या दुसऱ्या काठावरचं एखादं मूल बोलावतात. ते मोकळ्या दारातून आत शिरतं, घरभर हुंदडतं. मग घरधनीण मोठ्याने म्हणते, "माय, लेकरू आत आलं गं!" त्यानंतरच सुतार उंबऱ्याला हात लावतो.