टिटवीने गिळलेली साद

सूर्य-चंद्र नव्हते तेव्हाची गोष्ट. माळावरच्या काळ्या कातळातून ठोका निघायचा आणि त्या ठोक्यावर काळ पुढे सरकायचा. प्रत्येक ठोक्याला टिटवीने साद घालायची, मगच पुढचा ठोका पडायचा, अशी रीत होती.

एकदा ठोका पडला. साद घालायला टिटवीने चोच उघडली, तोच तिला दिसलं, की आपल्या उरलेल्या एकुलत्या अंड्यावर सापाने जबडा वासलाय. तिने साद गिळली. सगळं जागच्या जागी थिजलं. आवाज तेवढे उरले.

"टिटवीबाई," हरिणी म्हणाली, "पाडस आचळाला लागलंय, पण दूध उतरत नाही. साद घाल गं."

"घातली तर हा जबडा मिटेल."

"मागे सरायचं म्हटलं तरी मला ठोका हवाच," साप म्हणाला.

"मग सरशील?"



तेवढ्यात अंड्यातून बारीक आवाज आला. "आई, मी केव्हाची चोच टेकवलीय. कवच का फुटत नाही?"

"नीज बाळा," टिटवी म्हणाली. "अजून वेळ झाली नाही."

पिल्लू पुन्हा पुन्हा विचारत राहिलं, टिटवी तेच सांगत राहिली. किती वेळा, हे मोजायला ठोकाच उरला नव्हता.