कारकून हसले नाहीत

“...आणि शेवटी अख्खी दौत साहेबाच्या पांढऱ्या कोटावर! तरी कुणी हसलं नाही, अण्णा. असं कसं?”

रघुवीर इंगवलेचा आवाज कापत होता. एरवी तो कापत नसे. मूकपटांच्या त्या काळात, कोल्हापुरातल्या त्या कंपनीत, ‘विनोद मला कळतो’ असं सांगत फिरणारा तो एकटाच होता.

कचेरीतल्या कटकटींवर त्याने छोटासा विनोदी पट काढला होता. डुगडुगणारं टेबल, न उमटणारा टाक, पाठीशी उभा साहेब. काल तो तंबूत दाखवला. प्रेक्षक बहुतेक कारकून. साहेबाच्या विनोदांना दिवसभर हसून आलेली माणसं. पदरच्या पैशाने तिकीट काढून पुन्हा तेच काम कोण करील?

“मालक म्हणाले, आजही हसले नाहीत तर पट बंद. आणि मी परत पडदे रंगवायला.”

अण्णा तासगावकरांनी असे पट त्याच्या आधी पुष्कळ काढले होते. ते चहा ओतत होते.

“दौत टेबलावर किती वेळ असते?”

“असते कुठे? आल्या आल्या सांडते. उगाच वेळ कशाला घालवायचा?”

“हं... डबा उघड बघू.”

रघुवीरने काखेतला डबा उघडून टेबलावर ठेवला. आत पटाची एकुलती एक प्रत.

अण्णांनी काठोकाठ भरलेला कप डब्याला खेटून ठेवला आणि जुन्या नाटक मंडळीच्या गोष्टी काढल्या. हातवारे करत.

अण्णांचं कोपर कपाशी आलं. गेलं. पुन्हा आलं.

“...तर आमचा राजा ऐन दरबारात... ऐकतोयस ना?”

“हो, अण्णा...”

ऐकत काही नव्हता. नजर कपावर, हात अर्धा पुढे. पण अण्णांच्या पुढ्यातला कप सरकवायचा कसा? हात मागे आला. कोपर आलं. हात पुन्हा निघाला. अण्णांनी पाहिलं, तसा त्याच हाताने त्याने कान खाजवला.

दारात उभा असलेला कॅमेरावाला पाध्ये फिसकन हसला. मग पोट धरून हसू लागला.

“हसतोस काय, गाढवा! एकच प्रत आहे!” रघुवीर ओरडला.

पाध्ये हसता हसता खालीच बसला.

अण्णांनी कप उचलला. सावकाश चहा संपवला.

रघुवीरने कपाळावरचा घाम पुसला.

“पण अण्णा... चहा तर सांडलाच नाही.”

“सांडला असता, तर सुटला असतास.”