भैरूबाची ढेप

तेव्हा पाणंदवाडीत उसाच्या जातींना नंबर नव्हते, नावं होती. त्या काळची ही गोष्ट. आमच्या आजोबांच्या आजोबांनीही ती पाहिलेली नाही, ऐकलेलीच. म्हणजे किती जुनी ते तुम्हीच बघा.

गावात गुऱ्हाळ एकच, हौसाआक्काचं. नवरा गेल्यावर सासऱ्याचं गुऱ्हाळ तिनं हातात घेतलं आणि असं चालवलं की तिच्या डोळ्यादेखत उसाचं कांडं उचलायची कुणाची बिशाद नव्हती. त्या गुऱ्हाळावर गुळव्या होता भैरू.

गुळव्या म्हणजे कोण, हे नुसता गूळ खाणाऱ्यांना सांगायला हवं. मोठ्या काहिलीत रस उकळतो, घट्ट होत जातो, आणि एक वेळ अशी येते की तेव्हाच काहील चुलवाणावरून उतरवायची. आधी उतरवली तर गूळ बसत नाही, उशीर झाला तर करपतो. ती वेळ ओळखतो तो गुळव्या. भैरू बोटं गार पाण्यात बुडवायचा, तीच उकळत्या काहिलीत घालायचा, चिमूटभर पाक काढून पुन्हा पाण्यात धरायचा आणि त्याची गोळी वळायचा. गोळी बोटांना काय सांगायची ते एकट्या भैरूला ठाऊक. त्याच्या हातचा गूळ नदीपलीकडची माणसं नुसत्या वासावर ओळखत, असं म्हणतात. मुंग्यासुद्धा दुसऱ्याची ढेप ओलांडून भैरूच्या ढेपेला लागत, असंही म्हणतात. मुंग्यांना विचारायला कोण गेलं होतं, देव जाणे.

आता त्या गुऱ्हाळाची एक चाल होती. होळीला चुलवाण विझलं की सगळ्यांनी ओळीनं बसायचं आणि तळहात पुढे करायचे. हौसाआक्का हात बघत जायची. घट्टे पडलेला धडधाकट हात दिसला की त्यावर गुळाची ढेप. प्रत्येकाला एक, गुळव्याला दोन. चरकात ऊस सारता सारता डुलक्या काढणारा रावजी असो, नाहीतर चुलवाणाची आग बोटाच्या इशाऱ्यावर नाचवणारा केरबा असो, ढेप एकच. ती ढेप विकून ज्यानं त्यानं वर्षाचं मीठमिरची, लुगडंधोतर बघायचं.

एका साली म्हादूचे दोन्ही पंजे चरकात सापडले. ढेपेच्या दिवशी तो बिचारा ओळीत येऊन बसला, पण पुढे करायला हातच नव्हते. आक्काला वाईट वाटलं. पण सासऱ्याच्या वेळेपासूनची चाल, ती कशी मोडायची? म्हादू रिकामा गेला. भैरूनं ते बघितलं आणि आपली बोटं मुठीत लपवली.

कारण भैरूची बोटं मेली होती.

उभा जन्म उकळता पाक हाताळून ती चामड्यासारखी झाली होती. गोळी वळतोय की हवा, त्याला काही कळत नव्हतं. मग गूळ कसा जमत होता? कानानं! पाक पिकत आला की उकळीचा आवाज बदलतो. आधी नुसती खळखळ, मग बुदबुद, आणि मग एकेक बुडबुडा जड होऊन फुटायला लागतो. भैरू घोंगडं डोक्यावरून ओढून घ्यायचा, सगळ्यांकडे पाठ करायचा, बोटं पाण्यात घालायचं नाटक करायचा आणि कान लावून बसायचा. लोक म्हणायचे, म्हातारा विद्या लपवतोय, भारी चिक्कू. भैरू मनात म्हणायचा, चिक्कू म्हणा बाबांनो, थोटा तेवढं म्हणू नका. घरात आजारी बायको होती, सासरहून परत आलेली लेक होती, आणि दोन ढेपांवर तिघांचं वर्ष निघत होतं.

पुढच्या साली माघात वरच्या आळीतलं एक वऱ्हाड पाणंदीतून निघालं. पुढे हलगी, मागे घुमकं, नुसता दणदणाट. काहील ऐन पिकत आलेली. बैलांनी कान टवकारले, बायका बांधावर चढल्या, आणि भैरूच्या कानात हलगीशिवाय काही शिरेना. तो काहिलीवर वाकला, आणखी वाकला, वाफ तोंडावर घेतली. काही उपयोग नाही. वऱ्हाड पुढे गेलं तेव्हा आवाज नाही, वास आला. सगळी काहील करपली होती.

आक्का तरातरा आली.

"केरबा, कुणाला इचारून आग चढवलीस?"

"आक्का, एक चिपाड जास्त घातलं न्हाई."

"मग पाक आपोआप जळला व्हय? ऊठ तिथनं! यंदा तुझी ढेप न्हाई. फुडल्या साली तोंडबी दावू नगंस."

केरबा उठला. "आगीचं एवढं शिकलो, पर ढेप रावजीएवढीच. आता तीबी गेली. बरं झालं, सुटलो," असं म्हणाला. खांद्यावर पटका टाकून तो पाणंदीला लागला.

भैरू घोंगड्यात बसून होता. गप्प बसलं की दोन ढेपा शाबूत. बोललं की म्हादूची गत. केरबाची पाठ लांब लांब चालली होती. पाणंदीच्या वळणाशी ती दिसेनाशी होणार, तेवढ्यात भैरूनं घोंगडं भिरकावलं.

"केरब्या, थांब! आक्का, आग बरूबर हुती. माझी बोटं मेल्यात."

कुणाला खरं वाटेना. तेव्हा भैरूनं त्या जळत्या पाकात हात घातला आणि तसाच ठेवला. तोंडावरची रेघ हलली नाही, असं म्हणतात. रसावरची मळी काढणारी बायजा किंचाळली आणि तिनंच त्याचा हात ओढून बाहेर काढला.

आक्कानं तो हात उलटसुलट करून बघितला. मग म्हणाली, "मग एवढी वर्सं गूळ कशानं जमत हुता?"

"कानानं."

"दाव."

दुसरी काहील चढवली. केरबाला परत आगीवर बसवलं. भैरूला पार नदीच्या काठावर नेऊन उभा केला, काहिलीकडे पाठ करून. मध्ये दोन मळे, चरकाची करकर, पाखरांचा कलकलाट. रस आटत गेला, सगळ्यांचे जीव टांगणीला, आणि नदीकडून आरोळी आली, "उतरा!" उतरवली. गूळ गार करायच्या वाफ्यात ओतली. गूळ असा बसला की त्यात तोंड दिसावं, असं म्हणतात.

आक्का डोक्याला हात लावून खाली बसली. "सासऱ्यानं हात बघितलं, म्याबी हातच बघितलं," ती म्हणाली. "कुणाला काय येतं ते कुणी बघितलंच न्हाई."

त्या साली होळीला सगळे ओळीनं बसले आणि सवयीनं हात पुढे केले. आक्का म्हणाली, "हात ठेवा खाली. काय येतं ते सांगा, आन करून दावा." जेवढं येतं तेवढ्या ढेपा, असा नवा शब्द. केरबाला आगीची एक आणि काहील सावरायची एक, अशा दोन मिळाल्या. म्हादूला तिनं घरून बोलावून आणलं. कुठला ऊस आधी तोडायचा हे तो नुसतं कांडं चावून सांगायचा, त्याची ढेप त्याच्या मांडीवर ठेवली. म्हादू हमसून हमसून रडला. रावजी म्हणाला, "मला ऊस सारायला येतं." "आन?" "झोपायला." हशा पिकला. मिळाली एकच. पण पुढच्या साली गडी बायजाकडून मळी काढायला शिकून आला की नाही!

भैरूपुढे ढेपांची रास लागली, तरी त्याचा चेहरा उतरलेला. आक्का म्हणाली, "भैरूदादा, ह्यो कान आता ह्यास्नी शिकव."

"शिकवलं की माझ्याकडं काय उरंल, आक्का?"

"ज्याला शिकवशील त्येला एक ढेप, आन तुला एक. तो दुसऱ्याला शिकवंल, तवाबी तुला एक. जित्ता हाईस तवर."

भैरूनं घोंगडं घडी करून ठेवलं, ते पुन्हा डोक्यावर घेतलं नाही. आधी बायजा शिकली, मग केरबा, मग निम्मी वाडी. म्हातारपणी भैरूला दिसेनासं झालं, तरी तो काहिलीजवळ बसून असायचा, आणि बायजा "उतरा" म्हणाली की मान हलवायचा. ज्या दिवशी तो गेला त्या दिवशी काहील उकळत असूनही तिचा आवाज बंद झाला होता, असं म्हणतात.

आता पाणंदवाडीत चरक विजेवर फिरतो. पण हंगामात गुऱ्हाळाजवळ वरात आली की बँडवाले वाजवायचं थांबवतात. नवरदेव मंत्र्याचा पोरगा असला तरी घोडा गुपचूप पुढे जातो. आणि होळीला ओळ बसते तेव्हा प्रत्येकाला विचारतात, "काय येतं? कुणाकडनं आलं?" तो शिकवणाऱ्याचं नाव घेतो, शिकवणारा त्याच्या शिकवणाऱ्याचं, आणि पाकाची वेळ ओळखणाऱ्यांची नावं असं जात जात भैरूबापाशी येऊन थांबतात. म्हणून, आक्काचा शब्द तो जित्ता असेपर्यंतचाच होता तरी, हंगामाची पहिली ढेप त्याच्या नावानं वेगळी काढून ठेवलेली असते.

ओळीच्या शेवटी त्या साली नवीन आलेलं माणूस बसतं. त्यालाही विचारतात, "तुला काय येतं?" ते खाली मान घालून म्हणतं, "अजून काही नाही." मग भैरूबाची ढेप त्याच्या हातात देतात.