उपाशी उडी

सगळा दोष रानबोकडांच्या म्हाताऱ्या म्होरक्याचा. फार पूर्वी बर्फाच्या डोंगरात रानबोकड, याक अशा कळपांची पायांना फळ्या बांधून शर्यत व्हायची: आधी कड्यावरून उडी, मग त्याच फळ्यांवर लांबची दौड. सगळ्यांत लांब उडणारा दौडीला आधी सुटे, आणि दौड जिंकणाऱ्या कळपाला हिवाळ्याचं कुरण मिळे.

लांब उडावा म्हणून म्हाताऱ्याने नातवाला उपाशी ठेवलं.

"आजोबा, असा पळू कसा?"

"हलका राहा, गाढवा! आमच्या काळी आम्ही वाऱ्यावर तरंगायचो."

"आणि दौडीत?"

"तोंड वर करून बोलतोस?"

पोरगा सगळ्यांत लांब उडाला, सगळ्यांच्या आधी सुटला. म्हातारा दाढी कुरवाळत शाबासक्या गोळा करत बसला. तिकडे अर्ध्या वाटेत पोरगा कोसळला आणि पोटभर जेवलेला याक डुलत पुढे गेला.

म्हाताऱ्याचं कुरण गेलं, नातूही गेला.