अरिंजयाने दिलेल्या तीन आठवणी

एका राज्यात नद्या उगमाकडे वाहत आणि पक्षी माणसांच्या भाषेत बोलत. तिथल्या शशिलेखा राजकन्येचा विवाह सेनापतीपुत्र अरिंजयाशी झाला. अख्खा वसंत दोघांनी सरोवराकाठच्या महालात घालवला. एकाला झोप लागली की दुसऱ्याचेही डोळे मिटत.

धूम्रकेश नावाच्या मांत्रिकाला शशिलेखेने पूर्वी नकार दिला होता. त्याने आता सूड घेतला. एका सकाळी तिने अरिंजयाकडे पाहिले आणि विचारले, “आपण कोण?”

त्याने नाव सांगितले. ते ऐकून ती पदर सावरून दूर बसली. राजवैद्य हरले. अरिंजय रोज तिच्यासमोर अंतर राखून बसे. तिच्या केसांचा गंध वाऱ्यावर येई, पण हात पुढे करण्याचा अधिकार उरला नव्हता.

शेवटी एक भारद्वाज पक्षी त्याला म्हणाला, “तिच्या आठवणी काळ्या डोंगरातल्या कुपीत कोंडल्या आहेत. पौर्णिमेला त्या विरून जातील. वाटेत तीन दारे आहेत. प्रत्येक दार तुझी एक आठवण मागेल.”

“देईन.”

“सारे दिलेस तर परत कशासाठी येशील?”

“ते तू ध्यानात ठेव.”

पहिल्या दाराने त्यांची पहिली भेट मागितली. त्याने दिली. दुसऱ्याने विवाहाची रात्र मागितली. तो उंबरठ्यावर बराच वेळ बसून राहिला. तिने काढून ठेवलेली कर्णफुले, उशीवर मोकळे झालेले केस, अंधारातले तिचे हसू, सारे त्याने मनात एकदा पाहून घेतले, मग दिले. तिसऱ्याने तिचे मुख आणि नाव मागितले. ते दार उघडले तेव्हा त्याचे गाल ओले होते, आणि ते का, हे त्याला उमगेना.

“ती कुपी उचल आणि माझ्यामागे ये,” भारद्वाज म्हणाला.

महालात त्याने कुपी एका परक्या स्त्रीच्या हाती दिली. शशिलेखेने झाकण काढले आणि सारा वसंत तिच्याकडे परतला. तिने त्याचे हात धरले. त्याने ते अदबीने सोडवले.

“देवी, आपण कोण?”

काय घडले ते भारद्वाजाने सांगितले. तिने दासींना बाहेर पाठवले आणि ती त्याच्याजवळ बसली. तिने पहिली भेट सांगितली, विवाहाची रात्र सांगितली. दुसऱ्या कुणाची कथा ऐकावी तसे त्याने ते ऐकले. मग आजवर न सांगितलेले तिने सांगितले.

“लग्नानंतर नौका या तीराकडे येत होती. मी आपल्या खांद्यावर डोके टेकले होते. आपला हात बधिर झाला, तरी किनारा येईपर्यंत आपण हलला नाहीत. मी झोपले नव्हते, नाथ. डोळे उघडले तर आपण बाजूला व्हाल, म्हणून मिटून होते.”

अरिंजयाचा हात खांद्याकडे गेला. दारांनी मुख नेले होते, नाव नेले होते; तो भार मात्र त्याच्यापाशीच होता. कोणाचा, एवढेच ठाऊक नव्हते.

त्याने तिच्याकडे पाहिले.

“तू जागी होतीस?”

तिकडे काळ्या डोंगराची दारे कोसळली. धूम्रकेश स्वतःचेच नाव विसरून रानोमाळ हिंडू लागला. नगरात चौघडा झडला, राजाने अन्नछत्रे उघडली. त्या महालाचे दार मात्र दिवस मावळेपर्यंत कोणी वाजवले नाही.