खीर खाणारी वाघीण

पूर्वी गोदावरीच्या काठी, अश्मकांच्या पोतन नगरात सुबाहू राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्व एका सधन घरात धाकटा मुलगा होऊन जन्माला आला. त्याचे नाव सोमिल. वडील गेल्यावर भावांनी न भांडता वाटणी केली. थोरल्या भद्रसेनाने व्यापार घेतला. सोमिलाने गुरे घेतली आणि तो कळपांबरोबर नदीपलीकडच्या कुरणात राहू लागला.

भद्रसेन मनाचा मऊ माणूस होता. एकदा तांडा घेऊन रानातून येताना त्याला शिकाऱ्यांच्या भाल्याने मेलेली एक वाघीण दिसली आणि तिच्या पोटाशी दूध शोधणारे पिल्लू दिसले. त्याच्याने पुढे जाववेना. उपरण्यात गुंडाळून त्याने ते पिल्लू गाडीत घेतले आणि घरापर्यंत स्वतःच्या बोटाने दूध चाटवले. पिल्लू मादी होते. तिचे नाव त्याने शबला ठेवले. ही गोष्ट पसरली, तशी लोक त्याच्याकडे आणखी जनावरे आणून सोडू लागले. खेळ करणाऱ्यांनी टाकून दिलेला आंधळा सिंह आला, कोणा सरदाराच्या पिंजऱ्यातली बिबट्याची पिल्ले आली. भद्रसेनाने वेशीबाहेर उंच भिंतींचे, आत वेगवेगळी अंगणे असलेले आवार बांधले आणि त्याला अभयवन असे नाव दिले.

इथपर्यंत सगळे चांगलेच होते. पण भद्रसेनाने जीवहत्या न करण्याचे व्रत घेतलेले होते. एका जिवाला वाचवायचे आणि त्याच्यासाठी दुसऱ्याची मान कापायची, हे त्याला पटेना. म्हणून अभयवनात मांस येत नसे. वाघिणीला, सिंहाला, बिबट्यांना तुपाची धार घातलेली तांदळाची खीर मिळे. आता खीर खाऊन वाघ वाघ राहतो का? पण विचारणार कोण? लोक हात जोडून बघत. यती, जटाधारी येऊन आशीर्वाद देत. दर पौर्णिमेला भद्रसेन आवारात शिरून शबलेचे डोके मांडीवर घेई, तिला हाताने खीर चाटवी, आणि भिंतीवरून बघणाऱ्या गर्दीतून धन्य धन्य असा गजर होई. हा गजर त्याला आवडू लागला होता. त्यात लाजण्यासारखे काही आहे असे त्याला वाटत नव्हते.

एकदा सोमिल भावाला भेटायला आला. बऱ्याच दिवसांनी आला होता. भद्रसेनाने त्याला मोठ्या हौसेने भिंतीवर नेले. भावजय वासवीही बरोबर आली. खाली शबला सावलीतून उन्हात आली, चार पावले चालली आणि बसली.

"पाहिलंस? किती शांत झाली आहे," भद्रसेन म्हणाला. "परवा एक यती सांगत होते, ही पूर्वजन्मीची तपस्विनी आहे. अशी तासन् तास ध्यानात बसते."

"ध्यानात कसली बसते!" वासवी म्हणाली. "उभं राहवत नाही म्हणून बसते. भावजी, मी सांगून थकले. बायकोचं ऐकायचं नाही, असंही एक व्रत घेतलंय तुमच्या दादांनी."

सोमिल हसला नाही. तो शबलेच्या पायांकडे बघत होता. पुढचे दोन्ही पाय कोपरापासून बाहेर वाकले होते. कातडीवरची चमक गेली होती आणि पाठीचा कणा कातडीतून वर आला होता.

"दादा, त्या बिबट्याच्या पिल्लाचा पाय कशानं मोडला?"

"ओट्यावरून उडी मारली."

"केवढा ओटा?"

वासवीने आपल्या गुडघ्याला हात लावून दाखवला.

"हाडं ठिसूळ झाली आहेत, दादा. कुरणावर कुत्रीला पिल्लं झाली आणि गुराख्यांनी त्यांना नुसत्या दूधभातावर वाढवलं, तर त्यांचे पाय असेच होतात. ही जगायची नाही. आणि जोवर जगेल तोवर भुकेली राहील. तू तिच्या तोंडाजवळ हात नेतोस, ते आधी बंद कर."

"शबला? मला चावेल? अरे, माझ्या बोटावर वाढली आहे ती!"

"तुझ्यावर तिचं प्रेम नाही, असं मी म्हणत नाही. तिला भूक लागली आहे, असं म्हणतो."

"मग काय रोज बकरी कापू? एकीला जगवायला?"

"बकरी कशाला? माझ्या कळपात म्हातारी गुरं आपोआप मरतात. मी त्यांना माळावर नेऊन टाकतो, गिधाडं खातात. त्या गिधाडांच्या पानातलं थोडं हिच्या पानात वाढू. कुणाला मारायला नको. कालच एक बैल वारला आहे. उद्या गाडीत घालून आणतो."

भद्रसेन म्हणाला, "उद्या नको. उद्या महाराज येणार आहेत. महाराणींनी नवस केला आहे, मूल व्हावं म्हणून. त्या स्वतःच्या हातानं शबलेला खीर भरवणार. मग महाराज एका गावाचं उत्पन्न अभयवनाला कायमचं तोडून देणार आहेत. सोम्या, तेवढ्यावर मला आणखी किती जीव सोडवता येतील! आणि ते येताहेत व्रतस्थ वाघीण बघायला. तिच्यापुढे मेलेला बैल टाकला, तर लोक काय म्हणतील?"

"हे शेवटचं आधी बोलला असतात, तर माझा वेळ वाचला असता," वासवी म्हणाली आणि जिना उतरून गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी महाराणी येण्याआधी भद्रसेन खिरीचे भांडे घेऊन एकटाच आत गेला. भावाचे बोलणे त्याच्या मनात रुतून बसले होते. ते खोटे आहे हे त्याला स्वतःलाच दाखवायचे होते. शबलेने डोके त्याच्या मांडीवर ठेवले. तिने खीर चाटली. खीर संपली तरी ती त्याचा हात चाटत राहिली. वाघाची जीभ ती, खरखरीत. तळहाताच्या मागची कातडी सोलली आणि रक्त आले. शबला थांबली. मग पुन्हा चाटू लागली, पण आता निराळ्या रीतीने, हळूहळू, डोळे मिटून. भद्रसेनाने हात ओढला तेव्हा तिच्या गळ्यातून घरघर उमटली. आजवर त्याने ती कधी ऐकली नव्हती. तिने पंजा उचलला, पण वाकड्या पायाने तिला तो पेलला नाही. तेवढ्यात तो मागे सरकत दाराबाहेर पडला.

बाहेर येऊन हाताला उपरणे गुंडाळून, पागोटे सारखे करून तो राजाच्या स्वागताला गेला.

राजाबरोबर वाजतगाजत महाराणी आली. भिंतीवर मुंगी शिरायला जागा नव्हती. राखणदार पिंगल दाराच्या अडसराला हात लावून हुकमाची वाट पाहत होता. महाराणीने चांदीची वाटी हातात घेतली, तोच सोमिल दारासमोर येऊन उभा राहिला. त्याच्या मागे बैलगाडी होती आणि गाडीत झाकलेले काहीतरी होते. त्याचा वास सगळ्यांना येत होता.

"महाराज, दार उघडू देऊ नका. आत भुकेली वाघीण आहे."

"हा कोण?" राजाने विचारले.

"माझा धाकटा भाऊ, महाराज. गुरं राखतो," भद्रसेन म्हणाला. गर्दीत कोणीतरी हसले. "वाघीण राखायला आला वाटतं!" दुसरा कोणी ओरडला, "गाडीत मढं घेऊन आलाय, मेला खाटीक!"

राजाने हात वर केला. "श्रेष्ठी, महाराणींचा हात त्या तोंडात जायचा आहे. तू सांग. जाऊ द्यायचा का?"

भद्रसेनापुढे एका बाजूला गाव होते, नाव होते, सोडवायचे राहिलेले जीव होते. दुसऱ्या बाजूला उपरण्याखाली ठणकणारा हात होता. त्याने उपरणे आणखी घट्ट आवळले.

सोमिलाने भावाच्या उपरण्याकडे पाहिले. त्याला कळायचे ते कळले, पण त्याने ते चव्हाट्यावर मांडले नाही. महाराणीपुढे वाकून तो म्हणाला, "आई, ती वाटी माझ्याकडे द्या. दादाला सांगता येत नसेल, तर तुमच्याआधी मी आत जातो. मग काय ते सगळ्यांना दिसेल." आणि खरेच वाटी घेऊन तो दाराकडे वळला. "काढ अडसर, पिंगल." पिंगलाने अडसर अर्धा सरकवला.

"थांब!" भद्रसेन ओरडला. धावत जाऊन त्याने अडसर पुन्हा लोटला आणि दाराला पाठ लावली. मग राजासमोर त्याने हातावरचे उपरणे सोडले. "महाराज, आत कोणी जायचं नाही. हे आज सकाळचं आहे. ती व्रतस्थ नाही. मी तिला उपाशी ठेवलंय. पिल्लू होती तेव्हापासून उपाशी ठेवलंय."

राजाचा चेहरा लाल झाला. "माणसाचं रक्त चाखलेलं जनावर! आणि माझी राणी..." शिपायांनी भाले उचलले आणि ते भिंतीच्या जिन्याकडे निघाले.

"महाराज," सोमिल म्हणाला, "खीर तिनं मागितली नव्हती. व्रतही तिनं घेतलं नव्हतं. ते आम्ही घेतलं आणि तिच्या पोटावर पाळलं. शिक्षा करायची असेल तर आम्हा दोघा भावांना करा. तिला एकदा पोटभर खाऊ द्या. मग महाराजांना वाटेल ते करा."

सगळ्यांआधी महाराणी बोलली. "उपाशी जिवाला मारून मला मूल नको," ती म्हणाली आणि मागे सरली. राजाने शिपायांना थांबवले. पण गावाचे दान त्याने तिथेच रद्द केले आणि मिरवणूक वाजंत्र्यांशिवाय परत गेली.

बैल दोरांनी भिंतीवरून आत उतरवला. शबला आली, थबकली, मग तिने तोंड घातले. हाडे मोडल्याचा आवाज भिंतीपर्यंत येत होता. भद्रसेनाने कान झाकले, मग हात खाली घेतले आणि ऐकत राहिला. तिने एकदाही वर त्याच्याकडे पाहिले नाही.

वासवी त्याच्याजवळ आली. "बघा तुमची तपस्विनी," ती म्हणाली. मग त्याचा हात आपल्या हातात घेऊन ती जखमेत हळद भरू लागली. "रडा, रडा. पण हात हलवू नका."

पुढे यती अभयवनात येईनासे झाले. सोमिलाला नगरात खाटीक म्हणून हाका मारीत. तो हाकेला ओ देई आणि गाडी हाकीत पुढे जाई. दोघा भावांनी अभयवनाच्या भिंतीत एकामागे एक अशी दोन दारे बसवली. जनावर आतल्या दारापलीकडे बंद झाल्याशिवाय बाहेरचे दार उघडायचे नाही, आणि जिथे वाघ आहे त्या अंगणात माणसाने पाय ठेवायचा नाही, असा नियम केला. हा नियम पहिल्यांदा भद्रसेनालाच लागू झाला. शबलेचे डोके मांडीवर घेणे संपले. तिचे पाय सरळ झाले नाहीत, पण पुढच्या पावसाळ्यात ती त्या वाकड्या पायांनी धावली. भद्रसेनाने ते भिंतीवरून पाहिले.

ही कथा शास्त्यांनी, म्हणजे बुद्धांनी, श्रावस्तीच्या एका उपासकाला सांगितली. उपासक मोठा श्रद्धाळू होता. उपोसथाच्या, म्हणजे पौर्णिमा-अमावस्येच्या व्रताच्या दिवशी स्वतः उपवास करी आणि अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्या आईलाही घडवी, तिलाही पुण्य लागावे म्हणून. ही गोष्ट नंदुत्तरा नावाच्या एका थेरीने, म्हणजे ज्येष्ठ भिक्षुणीने, त्याच्या तोंडावर बोलून दाखवली होती आणि तो तिची तक्रार घेऊन विहारात आला होता.

कथा संपवून शास्ता म्हणाले, "उपासका, तेव्हाचा भद्रसेन तू होतास. फटकळ वासवी म्हणजे ही थेरी. सोमिल मी होतो. आणि ती शबला आज तुझी आई आहे. करुणा तुझ्याकडे तेव्हाही होती. समोरच्या जिवाला काय हवे आहे हे आपल्या पुण्याआधी बघणे, याला प्रज्ञा म्हणतात. ती पारमिता, बुद्ध होण्यासाठी लागणारी ती पूर्णता, मी त्या जन्मी पुरी केली."

उपासकाने वंदन केले, पण उपदेश पुढे ऐकायला तो बसला नाही. दुपार व्हायची होती. आईसाठी पेज शिजायला तेवढा वेळ पुरेसा होता.