सीमेवरचा म्हातारा मागे राहिला

एकदा काय झालं, द्वारकाकाकीनं सीमेवरच्या राखणदाराला नवस बोलला. "म्हाताऱ्या देवा, आमच्या वाडीवर कारखाना येतोय. वाडी राहू दे, तुला नारळ आणि नवं घोंगडं देईन."

वाडी काही राहिली नाही. काकी रुसली. मग निघायचा दिवस आला. वाडीच्या देवीला कौल लावला, म्हणजे पाषाणाला ओलं फूल चिकटवलं नि विचारलं, "आई, येतेस ना?" फूल उजवीकडून पडलं, म्हणजे हो. देवी नामा गुरवाच्या डोक्यावर बसून निघाली. वाटेत राखणदार. नामा गुरव म्हणाला, "काकी, याला नुसतं 'येतो' तरी म्हणू या."

"झोपा काढल्या मेल्यानं! चला पुढं," काकी फणकारली.

नव्या वसाहतीत घरं इतकी सारखी, की कोंबड्यासुद्धा शेजाऱ्याच्यात शिरायच्या. देवी बसली, पण चुली पेटेनात, बरं का! पहिल्यांदा म्हणाले, लाकडं ओली. मग म्हणाले, वारा फिरलाय. तिसऱ्यांदा पोरं भुकेनं रडायला लागली, तेव्हा कौल लावला. फूल ना उजवं, ना डावं. चिकटूनच बसलं.

काकीला वाटेत टाकून आलेला राखणदार आठवला. नारळ-घोंगडं घेऊन ती तडक माघारी गेली. कारखान्याच्या भिंतीबाहेर म्हातारा काठी टेकून बसलेला. दाढीत सिमेंट.

"आलीस? मला वाटलं, सगळी शेतावर गेलीत. दिवेलागणीला येतील."

काकीला रडू फुटलं. "चला ना, आजोबा."

"कसा येऊ, बाय? राखणदाराला सीमा ओलांडता येत नाही. आणि झोपलो नव्हतो गं. आरोळ्या दिल्या. यंत्राला ऐकू येत नाही." मग म्हणाला, "जा. देवीला सांग, म्हातारा रागावलेला नाही."

काकीनं त्याला घोंगडं पांघरलं, नारळ ठेवला, पाया पडली. परत येऊन देवीला निरोप सांगितला. टपकन फूल पडलं. चुली पेटल्या, भात रटरटला. सगळी पोटभर जेवली नि सुखानं राहिली.

म्हातारा मात्र तिथंच. आता कारखान्याची राखण करतो. त्याला दुसरं काही येतच नाही ना! तिथलं कुणी त्याला ओळखतसुद्धा नाही.

झोपा हं आता, राजांनो. एवढं मात्र ऐका माझं. कितीही रुसलात, तरी ज्यानं राखलं त्याचा निरोप घेतल्याशिवाय निघू नका. काकीनं केलं तसंच करा. फक्त तिच्यापेक्षा लवकर.